"मारलं" म्हणाली, पण गळा दाबला होता का?

बाई माहेरी येते किंवा शेजारच्या दारात उभी राहते आणि म्हणते, "मारलं." या एका शब्दात थोबाडीत बसलेली असते, केस धरून ओढलेलं असतं, लाथा असतात आणि गळा दाबलेलाही असतो. गळ्याचं ती स्वतःहून वेगळं सांगेलच असं नाही. कपाळाला खोक पडली असेल तर सगळ्यांचं लक्ष तिथेच जातं. मानेवर बहुतेक वेळा काहीच दिसत नाही, म्हणून तीही म्हणते, "तसं काही विशेष नाही."

ही माहिती तिच्याजवळ सगळ्यात आधी पोचणाऱ्यांसाठी आहे: बहीण, जाऊ, मैत्रीण, शेजारीण, आशाताई, बचत गटातली बाई. पहिले तीन दिवस काय करायचं, कुठे काय बोलायचं आणि नेमकं कुठे चुकतं, एवढंच यात आहे.

इतकी घाई कशासाठी

जोडीदाराने केलेल्या खुनांवर अमेरिकेतल्या ११ शहरांत झालेला एक अभ्यास २००८ साली प्रसिद्ध झाला. मारल्या गेलेल्या बायकांपैकी ४३ टक्के जणींचा गळा त्याच माणसाने आधी कधीतरी दाबला होता. मार खाणाऱ्या, पण जिवावरचा हल्ला न झालेल्या बायकांमध्ये हे प्रमाण १० टक्के होतं. इतर कारणं जमेला धरूनही, आधी गळा दाबला गेलेल्या बाईचा खून होण्याची शक्यता सातपटीहून जास्त निघाली. म्हणजे गळ्याला हात घालणारा नवरा आणि थोबाडीत मारणारा नवरा यांना एका मापाने मोजायचं नाही. दुसराही गुन्हाच करतोय, पण पहिल्याने ती जगेल की नाही हे आपल्या हातात असल्याचं तिला दाखवून दिलेलं असतं.

आपल्याकडचा आकडा धूसर आहे. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात "मुद्दाम गळा दाबायचा किंवा भाजायचा प्रयत्न केला का" असा एकच जोडप्रश्न असतो, त्यामुळे त्यातून गळ्याचं वेगळं प्रमाण निघत नाही. त्याच सर्वेक्षणाच्या २०१९-२१ च्या फेरीत महाराष्ट्रातल्या १८ ते ४९ वयोगटातल्या विवाहित बायकांपैकी साधारण चारातल्या एकीने नवऱ्याकडून हिंसा झाल्याचं सांगितलं. गळा दाबलेल्या बायका याच गर्दीत आहेत.

विचारायचं कसं

एकटीला विचारा. सासू, नवरा, दीर जवळ नकोत, आणि मुलं तर नकोतच. "अजून काय केलं?" अशा प्रश्नाला "काही नाही" हेच उत्तर येतं. थेट विचारा: "मानेला, गळ्याला हात लावला होता का?" तिचा शब्द वेगळा असू शकतो. नरडं धरलं, नरडीला हात घातला, मान आवळली, विदर्भाकडे नरेटी दाबली. ओढणीने आवळलं, मंगळसूत्र पिळलं, कोपराच्या बेचक्यात मान धरली, तोंडावर उशी दाबली, छातीवर बसला, हेही सगळं यातच येतं.

मग एकेक प्रश्न हळूहळू. एका हाताने की दोन्ही हातांनी? समोरून की मागून? किती वेळा? त्या वेळी तो काय म्हणत होता? श्वास घेता येत होता का? डोळ्यांसमोर अंधारी, चांदण्या, कानात घूं असा आवाज? आवाज बदललाय का, गिळताना दुखतंय का?

"बेशुद्ध पडलीस का?" हा प्रश्न जवळजवळ निरुपयोगी आहे. जी बेशुद्ध पडते तिला ते कळत नाही. त्याऐवजी विचारा: "मधला काही वेळ आठवत नाही असं आहे का? उभी होतीस आणि एकदम जमिनीवर होतीस असं झालं का?" त्यानंतर आवाज खाली आणून: "कपड्यात लघवी झाली होती का?" ही गोष्ट लाजेपोटी ती कुणालाच सांगत नाही, आणि डॉक्टरला सगळ्यात जास्त उपयोगाची हीच असते. मेंदूचं रक्त तुटल्याची ती खूण आहे.

तिची हकीकत तुटक येईल, क्रम चुकेल, काल सांगितलेलं आज थोडं वेगळं निघेल. रक्त न मिळालेला मेंदू आठवणी नीट साठवत नाही. "खोटं बोलतेय" असा शिक्का तिच्यावर बसतो तो इथेच, म्हणून तुम्ही तिची वाक्यं जशीच्या तशी लिहून घ्या, जुळवाजुळव करू नका.

आत काय होतं

गळा दाबला म्हणजे श्वास कोंडतो, अशी आपली समजूत असते. श्वासनलिका त्या मानाने कडक असते. मानेच्या दोन्ही बाजूंच्या रक्तवाहिन्या मऊ असतात आणि श्वास बंद पडण्याच्या कितीतरी आधी त्या दबतात. म्हणून "ती ओरडत होती, म्हणजे गळा दाबला नव्हता" हा युक्तिवाद फोल आहे. श्वास चालू असताना, घोगरा का होईना आवाज येत असताना मेंदूचं रक्त बंद होऊ शकतं. शुद्ध हरपायला साधारण १० सेकंद पुरतात. मृत्यू मिनिटांच्या अंतरावर असतो.

खरा घात नंतरचा आहे. दाबल्यामुळे रक्तवाहिनीचं आतलं अस्तर फाटतं, तिथे गुठळी धरते आणि ती गुठळी काही तासांनी, काही दिवसांनी, कधी आठवड्यांनी मेंदूत जाते. तिशीतल्या बाईला अचानक अर्धांगवायू होतो आणि घरच्यांना महिन्यापूर्वीचं भांडण आठवतही नाही. दुसरं म्हणजे घशाच्या आत चढणारी सूज. ती लगेच दिसत नाही, रात्रीतून वाढते आणि झोपेत श्वास अडतो.

बाहेर मात्र काही नसतं. अमेरिकेत सॅन डिएगोमध्ये पोलिसांकडे आलेली गळा दाबल्याची ३०० प्रकरणं तपासली गेली, त्याचे निष्कर्ष २००१ साली छापले गेले. निम्म्या बायकांच्या मानेवर कोणतीही खूण नव्हती, आणखी ३५ टक्क्यांच्या खुणा फोटोत येणार नाहीत इतक्या किरकोळ होत्या. आपल्या सावळ्या कातडीवर लालसरपणा आणखीच कमी उठून दिसतो. "मानेवर काहीच नाही" हे वाक्य म्हणूनच ऐकून सोडून द्यायचं.

पहिले काही तास

ती शुद्धीवर नसेल आणि श्वास चालत नसेल तर १०८ ला फोन लावून स्पीकरवर ठेवा आणि लगेच छाती दाबायला लागा. छातीच्या मधोमध, दोन्ही हातांनी, ५ ते ६ सेंटिमीटर खोल, मिनिटाला १०० ते १२० वेळा, मदत पोचेपर्यंत.

शुद्धीवर असेल तर पाठीला उशा देऊन अर्धवट बसवा, एकटी सोडू नका. घरगुती उपचारांत तीन गोष्टी हमखास होतात आणि तिन्ही टाळायच्या आहेत. तेल किंवा बाम लावून मान चोळणं: आत फाटलेल्या रक्तवाहिनीवरची गुठळी सुटायला तेवढं निमित्त पुरतं. मान बसवायला नेणं: त्याच कारणासाठी हे सगळ्यात वाईट. आणि हळदीचा लेप: तो जीव घेत नाही, पण पिवळ्या थराखाली असलेली फिकट खूणही झाकून टाकतो. झोपेची गोळी देऊ नका. गिळताना दुखत असेल तर घास भरवायचा आग्रह नको.

खालच्यातलं काहीही दिसलं तर उजाडायची वाट पाहायची नाही:

– आवाज घोगरा होणं किंवा बसणं, लाळ गिळता न येणं, श्वासाला घरघर
– मानेवर वाढती सूज, कातडी दाबली की आत बुडबुडे फुटल्यासारखं वाटणं
– एका बाजूचा हात-पाय जड, तोंड वाकडं, बोबडं बोलणं, धुरकट किंवा दोन-दोन दिसणं
– थांबत नाही अशी डोकेदुखी, मानेच्या एकाच बाजूला कळ, उलट्या, फिट, भांबावलेपण
– ती गरोदर असेल तर पोटात कळा, रक्तस्राव, बाळाची हालचाल कमी

खरं तर शुद्ध हरपली होती, कपड्यात लघवी झाली होती किंवा आवाज बदललाय, यातलं एक जरी असेल तर बाकी ठणठणीत वाटत असतानाही दवाखान्यात न्यायचंच. गरोदर बाईला कोणतंही लक्षण नसलं तरी न्यायचं.

दवाखान्यात

गल्लीतल्या डॉक्टरकडे नको. सीटी स्कॅन आहे असं ठिकाण हवं: जिल्हा रुग्णालय, वैद्यकीय महाविद्यालयाचं रुग्णालय किंवा मोठं खासगी. कॅज्युअल्टीत केसपेपर काढतानाच म्हणा, "नवऱ्याने गळा दाबला, शुद्ध गेली होती." नुसतं "घरी भांडण झालं" म्हटलंत तर ड्रेसिंग आणि वेदनाशामक गोळी देऊन घरी पाठवतील, आणि त्यात डॉक्टरचा फारसा दोष नसेल.

तपासणीत काय व्हायला हवं हे माहीत असलं की विचारता येतं. मानेच्या रक्तवाहिन्यांची सीटी अँजिओग्राफी ही मुख्य तपासणी. साध्या एक्स-रेत किंवा नुसत्या सोनोग्राफीत रक्तवाहिनीची इजा सुटू शकते. कान-नाक-घसा तज्ज्ञाने दुर्बीण घालून स्वरयंत्र पाहायला हवं. बोटाला लावायच्या यंत्रात ऑक्सिजन ९८ दाखवतोय म्हणजे सगळं ठीक, असं नसतं. ते यंत्र या घडीचा श्वास मोजतं, मानेच्या आत काय फाटलंय ते त्याला कळत नाही. पापण्या उलटून, कानांमागे, टाळूवर, ओठांच्या आत टाचणीच्या टोकाएवढे लाल ठिपके आहेत का, हे डॉक्टरला पाहायला सांगा. बारीक रक्तवाहिन्या फुटल्याचे ते ठिपके असतात आणि एक-दोन दिवसांत विरतात.

एमएलसी म्हणजे मेडिको-लीगल, पोलीस आणि कोर्टाच्या कामी येणारी दवाखान्याची नोंद करायला सांगा आणि तिचा नंबर लिहून घ्या. नोंदीत तिचे स्वतःचे शब्द, कोणी केलं ते नात्यासह, कशाने दाबलं, लक्षणं कोणती, हे सगळं यायला हवं. "मारहाण" एवढ्यावर ती आटोपली असेल तर तिथल्या तिथे विनंती करा, नंतर कागद बदलत नाही. पोलीस तक्रार आधी करून या, असं कुणी म्हटलं तर घरगुती हिंसाचार कायद्याखालचे नियम याच्या उलट आहेत. तक्रार नोंदवलेली नाही या कारणाने उपचार नाकारता येत नाहीत. मुंबईत महापालिकेच्या काही रुग्णालयांत 'दिलासा' हे हिंसा सोसणाऱ्या बायकांसाठीचं समुपदेशन केंद्र असतं. वांद्र्याच्या भाभा रुग्णालयात ते सुरू झालं आणि पुढे इतरत्र गेलं. जिल्ह्याच्या ठिकाणी अशाच मदतीचं सखी वन स्टॉप सेंटर असतं. तिथली समुपदेशक बरोबर असली की कागद नीट होतात.

पुरावा: फोटो, आवाज, कपडे

फोटो एकदाच काढून थांबू नका. त्याच दिवशी, मग २४, ४८ आणि ७२ तासांनी. वळ कधीकधी दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी वर येतात. फ्लॅश बंद करून खिडकीच्या उजेडात काढा. आधी चेहरा आणि मान एकत्र दिसेल असा एक लांबून, मग हनुवटीखाली, दोन्ही कानांमागे, मानेमागे केस वर धरून, मंगळसूत्र जिथे रुततं ती रेघ. जवळच्या फोटोत शेजारी मोजपट्टी किंवा एक रुपयाचं नाणं धरा, म्हणजे माप कळतं.

आवाजाचा पुरावा बहुतेकांना सुचतच नाही. तिचा आजचा घोगरा आवाज मोबाइलवर रेकॉर्ड करा: नाव, तारीख, वेळ, काय झालं, मिनिटभर. तिने महिन्यापूर्वी तुम्हाला पाठवलेला एखादा व्हॉइस मेसेज तुमच्या फोनमध्ये असेलच. दोन्ही शेजारी-शेजारी ऐकवले की वेगळं काही सांगावं लागत नाही. फाइल ज्या फोनमध्ये तयार झाली तिथेच राहू द्या. कोर्टात मूळ उपकरण आणि त्याचं प्रमाणपत्र लागतं, फॉरवर्ड करत फिरलेल्या कॉपीला किंमत कमी.

कपडे धुऊ नका. ओलसर असतील तर सावलीत वाळवून कागदी पिशवीत घाला, प्लास्टिकमध्ये बुरशी धरते. तुटलेलं मंगळसूत्र, मणी, ओढणी हे सगळं वेगवेगळं ठेवा.

तिच्या मानेवर उभे ओरखडे असतील तर ते बऱ्याचदा तिच्याच नखांचे असतात, त्याची बोटं सोडवताना उठलेले. त्याच्या मनगटावर आणि हातांवरही ओरखडे किंवा चावा असणार. तो तेच पोलिसांना दाखवून "हिनेच माझ्यावर हल्ला केला" म्हणतो. म्हणून "मी सुटण्यासाठी त्याच्या हाताला ओरबाडलं" हे वाक्य तिच्या पहिल्या जबाबातच यायला हवं.

पोलीस ठाण्यात

सगळ्यात जास्त घोळ इथे होतो. तिने "मारहाण केली" म्हटलं की भारतीय न्याय संहितेचं कलम ११५(२), म्हणजे साधी दुखापत, लागतं. ती अदखलपात्र, म्हणजे कोर्टाच्या परवानगीशिवाय पोलीस तपास करत नाहीत. हातात एनसीची, म्हणजे अदखलपात्र नोंदीची, पावती येते आणि तपास तिथेच थांबतो. भारतात गळा दाबण्यासाठी वेगळं कलम नाही. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या याच संहितेत या कृत्याला कलम १०९, म्हणजे खुनाचा प्रयत्न, किंवा कलम ११०, म्हणजे सदोष मनुष्यवधाचा प्रयत्न, लागू शकतं. जीव धोक्यात आणणारी दुखापत कलम ११६ प्रमाणे गंभीर दुखापत ठरते. नवरा किंवा सासरचे असतील तर क्रूरतेचं कलम ८५ आहेच, आणि त्याखाली फिर्याद ती स्वतः किंवा तिचे नातेवाईक देऊ शकतात. लग्नाशिवाय बरोबर राहणाऱ्या जोडीदाराला ८५ लागत नाही, १०९ आणि ११० कुणालाही लागतात.

कोणतं कलम लावायचं ते पोलीस ठरवतात, पण ते ठरतं तिच्या वाक्यांवरून. जबाबाचा गाभा असा असावा, अर्थात जे घडलं तेवढंच:

"दिनांक … रोजी रात्री सुमारे १० वाजता राहत्या घरी स्वयंपाकघरात माझे पती … यांनी मला भिंतीला टेकवून दोन्ही हातांनी माझा गळा दाबला. त्या वेळी 'तुला आज संपवतो' असे ते म्हणाले. मला श्वास घेता येईना व डोळ्यांसमोर अंधारी आली. सुटण्यासाठी मी त्यांच्या हातांना ओरबाडले. त्यानंतरचे मला आठवत नाही. भानावर आले तेव्हा मी जमिनीवर पडले होते व कपड्यांत लघवी झाली होती. तेव्हापासून माझा आवाज घोगरा आहे व गिळताना दुखते. यापूर्वी … महिन्यातही त्यांनी असाच गळा दाबला होता."

सही करण्याआधी जबाब वाचून घ्या, तिला वाचता येत नसेल तर मोठ्याने वाचायला सांगा. "गळा दाबला" खोडून "धक्काबुक्की" झालं असेल तर दुरुस्त करून मगच सही. घटना सासरी घडली आणि ती माहेरी आली असेल तरी जवळच्या ठाण्यात झिरो एफआयआर होतो. एफआयआरची प्रत मोफत मिळते. नोंद नाकारली तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(४) प्रमाणे पोलीस अधीक्षकांना लेखी टपालाने पाठवा, त्यानेही हललं नाही तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज.

फौजदारी बाजू वेळ खाते. राहण्याचा आणि जवळ न येण्याचा बंदोबस्त २००५ च्या घरगुती हिंसाचार कायद्यातून होतो, आणि लग्नासारख्या नात्यात बरोबर राहणाऱ्या जोडीदारालाही तो लागू आहे. कलम १८ खाली संरक्षण आदेश, १९ खाली घरात राहण्याचा किंवा त्याला घराबाहेर काढण्याचा आदेश. पहिली तारीख साधारण तीन दिवसांत लागावी असं कायदा म्हणतो. तसं फार क्वचित होतं, म्हणून कलम २३ खाली एकतर्फी अंतरिम आदेश, म्हणजे त्याची बाजू ऐकण्याआधीचा तात्पुरता आदेश, अर्जातच मागा आणि त्याला एमएलसीची प्रत जोडा. संरक्षण आदेश मोडला तर एक वर्षापर्यंत कैद किंवा २०,००० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. वकिलाच्या फीची काळजी नको. उत्पन्न कितीही असो, बाईला जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो, फोन १५१००. तातडीला ११२, महिलांसाठी १८१.

बैठक नको

नातेवाईक जमतात, चहा होतो, तो हात जोडतो, "पुन्हा करणार नाही" म्हणतो आणि संध्याकाळी ती परत जाते. गळा दाबण्याच्या बाबतीत ही बैठक धोक्याची आहे. तक्रार केल्यानंतर किंवा घर सोडल्यानंतरचे दिवस सगळ्यात नाजूक असतात. समुपदेशन केंद्रात दोघांना समोरासमोर बसवायचा विषय निघाला तर "गळा दाबलेला आहे, एकत्र बसणार नाही" हे आधीच लेखी द्या. पोलीस ठाण्यांशी जोडलेला महिला व मुलांसाठीचा विशेष कक्ष महाराष्ट्रात १९८४ पासून चालतो. तिथल्या समाजसेविकांना हा फरक समजतो.

ती परत जायचंच म्हणाली तर रागावून संबंध तोडू नका, तुमचा फोन हाच तिचा एकमेव दरवाजा असतो. खुणेचा एक शब्द ठरवा. "मिक्सर बिघडलाय" असा मेसेज आला की तुम्ही ११२ लावायचा, तिला उलट फोन करायचा नाही. आधार, रेशन कार्ड, पासबुक, लग्नाचा दाखला, मुलांचे जन्मदाखले यांच्या प्रती आणि दवाखान्याचे कागद तुमच्याकडे ठेवा. तिच्या फोनमधलं लोकेशन शेअरिंग बंद आहे का पाहा. भांडण पेटू लागलं तर स्वयंपाकघर आणि बाथरूम सोडून बाहेरच्या दाराकडे सरकायचं, हे तिला सांगून ठेवा.

ती इंग्लंडमध्ये असेल तर तिथे गळा दाबणं हा ७ जून २०२२ पासून स्वतंत्र गुन्हा आहे, पाच वर्षांपर्यंत शिक्षा, खूण दिसायलाच हवी अशी अट नाही. मोबाइलवरून ९९९ लावून बोलता येत नसेल तर सूचना ऐकून ५५ दाबायचं.

पंधरा दिवसांनी, महिन्याने

मानेचं दुखणं थांबलं की सगळे विसरतात. तेव्हा पुन्हा विचारा. भाजीत मीठ दोनदा पडतंय का, गॅस चालू राहतोय का, रोजच्या बसचा नंबर आठवत नाही असं होतं का, सकाळी डोकं जड असतं का, आवाज अजून दुपारनंतर बसतो का? वारंवार गळा दाबला गेलेल्या बाईच्या मेंदूला मार बसलेला असतो आणि घरात त्याला "वेंधळी झाली" म्हणतात. असं असेल तर जुने कागद घेऊन मेंदूविकार तज्ज्ञाकडे, आणि तिथेही पहिलं वाक्य तेच: "हिचा गळा दाबला होता."